उपरा माणूस आणि चोरीचा आळ

"परके लोक येऊन उतरले की चोऱ्या वाढतात," हे वाक्य आपण सर्वांनी कधी ना कधी ऐकलेले आहे. शहरात ते फेरीवाल्याविषयी, नव्या भाडेकऱ्याविषयी किंवा बांधकामावरील मजुराविषयी बोलले जाते. खेड्यात ते गावाबाहेरच्या माळावर पाल ठोकून राहिलेल्या बिऱ्हाडाविषयी बोलले जाते. युरोप-अमेरिकेत तर या एका वाक्याच्या जोरावर निवडणुका लढविल्या जातात. जे वाक्य इतक्या ठिकाणी, इतक्या सहजतेने उच्चारले जाते, ते खरे तरी असले पाहिजे किंवा मनुष्यस्वभावाच्या एखाद्या जुन्या खोडीतून तरी निघाले असले पाहिजे. त्याची थोडी पारख करावी, एवढाच आजच्या भाषणाचा हेतू आहे.

या पारखेसाठी मी नांदेड जिल्ह्यातील लोहा तालुका निवडला आहे. त्याला कारण आहे. नांदेडहून लातूरकडे जाणाऱ्या रस्त्यावर लोह्याच्या पुढे माळेगाव नावाचे गाव लागते. तेथे खंडोबाचे ठाणे आहे. मार्गशीर्ष वद्य चतुर्दशीच्या सुमारास तेथे जी यात्रा भरते, ती मराठवाड्यातील मोठ्या यात्रांपैकी एक होय. घोडे, गाढवे, उंट, बैल यांचा मोठा बाजार तेथे भरतो. वैदू, घिसाडी, गोसावी, जोशी, मसणजोगी अशा कितीतरी भटक्या जमाती दूरदूरच्या मुलखांतून तेथे एकत्र येतात. वर्षभर जी बिऱ्हाडे वाटेवर असतात, त्यांची सोयरिक येथे जुळे, देणीघेणी येथे फिटत आणि भांडणतंटे येथेच जातपंचायतीपुढे मांडले जात. त्या पंचायतींनी विशेषतः स्त्रियांवर जो अन्याय केला, त्याचे समर्थन कोणी करू नये. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा २०१६ चा महाराष्ट्राचा कायदा याच अनुभवातून झाला. परंतु आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट वेगळी आहे. दुसऱ्या गावी ज्यांना पाहताच दाराला कडी घातली जाते, तेच लोक माळेगावात हजारोंनी उतरतात आणि त्यांच्या पालांशेजारी व्यापारी आपली दुकाने थाटतात. यात्रेत खिसेकापू नसतात, असे मी म्हणत नाही. जेथे गर्दी तेथे ते असायचेच. परंतु येणारा प्रत्येक उपरा चोर असता, तर अशी यात्रा एक वर्षसुद्धा भरू शकली नसती.

हाच वैदू किंवा हाच गोसावी यात्रा आटोपून पंधरा दिवसांनी एखाद्या अनोळखी गावाच्या शिवेवर एकटा उभा राहिला, की त्याच्याकडे वळणाऱ्या नजरा पालटतात. त्या पंधरा दिवसांत माणूस पालटलेला नसतो. पालटलेली असते ती एकच गोष्ट: माळेगावात त्याची ओळख देणारे कोणी तरी होते, येथे कोणी नाही. ओळख नसणे आणि अपराधी असणे या दोन अगदी भिन्न गोष्टी आहेत. त्यांची गल्लत कशी होते आणि त्या गल्लतीची किंमत कोण देतो, हे आता पाहू.

आपल्या जुन्या गावगाड्याला परक्याचे भय होतेच. त्रिंबक नारायण आत्रे यांच्या 'गावगाडा' या १९१५ च्या ग्रंथात फिरस्त्यांविषयी जे लिहिले आहे, त्यात गावकऱ्यांचे हे भय आणि त्रासिकपणा पुरेपूर उतरला आहे. तथापि त्या गावगाड्यापाशी या भयावर एक उपायही होता. रात्रीच्या राखणीला जागल्या असे; कित्येक गावांत ते काम रामोशी किंवा बेरड करीत. चोरी झाली तर चोराचा माग काढावयाचा, तो माग दुसऱ्या गावच्या शिवेत गेला तर तेथच्या राखणदाराच्या स्वाधीन करावयाचा आणि माग न लागल्यास नुकसानीस स्वतः जबाबदार राहावयाचे, अशी त्यांची वहिवाट होती. त्या व्यवस्थेतही अन्याय होतेच. परंतु चोरीचा शोध पावलांच्या ठशांवरून घेतला जाई, एवढे तिच्यात खचित चांगले होते.

इंग्रजी राज्यात ही दृष्टी बदलली. १८७१ मध्ये हिंदुस्थान सरकारने गुन्हेगार जमातींचा कायदा केला. प्रारंभी तो उत्तरेकडील प्रांतांत लागू होता. १९११ च्या कायद्याने तो मुंबई इलाख्यातही आला. या कायद्याचे तत्त्व थोडक्यात असे की, एखादी जमातच्या जमात सरकारने गुन्हेगार म्हणून जाहीर करावी आणि तसे जाहीर झाले की त्या जमातीत जन्मलेल्या माणसाने गुन्हा केला आहे की नाही, हे पाहण्याचे कारणच उरू नये. त्या निर्णयाविरुद्ध न्यायालयात दाद मागण्याची सोय नव्हती. नाव नोंदवावयाचे, ठरल्या वेळी हजेरी द्यावयाची, हद्दीबाहेर जाण्यास परवाना घ्यावयाचा आणि परवान्याशिवाय सापडल्यास शिक्षा भोगावयाची, असे हे जिणे होते. सोलापुरास काटेरी तारेच्या कुंपणाआड अशा लोकांची वसाहत करण्यात आली. तेथील माणसे दिवसा गिरणीत राबत आणि पुन्हा कुंपणाआड येत. त्या वस्तीला सोलापूरकर 'सेटलमेंट' म्हणू लागले, आणि तेच नाव तिला चिकटले.

या याद्यांत नावे कोणाची होती, हे पाहिले म्हणजे आश्चर्य वाटते. गावाची राखण करणारे रामोशी आणि बेरड त्यांत होते. दगड फोडून विहिरी आणि गढ्या बांधणारे वडार होते. टोपल्या विणणारे कैकाडी होते. बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून मुलूखभर पोहोचविणारे बंजारे होते. बंजाऱ्यांचे तांडे फौजांना रसद पुरवीत. पुढे आगगाडी आली, मिठावर सरकारचा मक्ता बसला, आणि शेकडो वर्षांचा हा धंदा एक-दोन पिढ्यांत बुडाला. धंदा बुडालेली माणसे वाटेवर राहिली. वाटेवर राहिलेल्यांच्या हातून काही गुन्हेही घडले. ते नाकारण्यात अर्थ नाही. परंतु सरकारने त्या गुन्ह्यांचे कारण त्यांच्या बुडालेल्या धंद्यात शोधण्याऐवजी त्यांच्या रक्तात शोधले.

हे निदान किती चुकीचे होते, हे सांगण्यास एक उदाहरण पुरे आहे. पुसदजवळच्या गहुली गावच्या बंजारा कुटुंबात जन्मलेले वसंतराव नाईक १९६३ पासून १९७५ पर्यंत महाराष्ट्राचे मुख्यमंत्री होते. गुन्हेगारी रक्तातून येते, असे ज्या कायद्याने गृहीत धरले, त्याच कायद्याच्या यादीत ज्यांच्या जमातीचे नाव होते, त्यांच्यापैकी एकाच्या हाती पुढे राज्याचा सर्व कारभार अकरा वर्षांहून अधिक काळ सुखरूप राहिला.

मुंबई राज्याने हा कायदा १९४९ मध्ये रद्द केला आणि ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो देशभर रद्द झाला. त्या जमाती तो दिवस विमुक्त दिन म्हणून पाळतात. महाराष्ट्राच्या यादीत विमुक्त जाती १४ आणि भटक्या जमाती २८ धरण्यात आल्या. कायदा गेला, पण ऐंशी वर्षे मुरलेली नजर एका राजपत्राने जात नाही, हे पुढील हकिगतींवरून दिसून येईल.

त्याआधी एका सरळ प्रश्नाचे उत्तर दिले पाहिजे. भावना क्षणभर बाजूस ठेवून विचारू या: बाहेरून आलेला माणूस स्थायिकापेक्षा अधिक गुन्हे करतो काय? अमेरिकेत या प्रश्नाचा शोध फार दिवसांपासून चालू आहे. तेथे राष्ट्राध्यक्ष हूव्हर यांनी नेमलेल्या विकरशॅम आयोगाने १९३१ मध्येच असा निष्कर्ष दिला होता की, परदेशांत जन्मलेल्यांचे गुन्ह्यांतील प्रमाण तेथे जन्मलेल्यांहून कमी आहे. अलीकडे अब्रामिट्झ्की, बुस्तान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १८७० पासून २०२० पर्यंतच्या दीडशे वर्षांच्या जनगणनांवरून तुरुंगातील पुरुषांची गणना केली. त्या साऱ्या काळात बाहेरून आलेल्यांचे प्रमाण देशात जन्मलेल्यांच्या वर कधी गेले नाही. शेवटी शेवटी तर ते सुमारे ६० टक्क्यांनी कमी भरले. उलटपक्षी स्वीडनच्या गुन्हे-प्रतिबंधक परिषदेने २०२१ मध्ये दाखविले की, तेथे परदेशांत जन्मलेल्यांवर संशयित म्हणून नोंद होण्याचे प्रमाण, ज्यांचे आईबापही तेथेच जन्मले अशा लोकांच्या अडीचपट आहे. वय, उत्पन्न इत्यादी भेद जमेस धरल्यावर हे प्रमाण उतरते, परंतु नाहीसे होत नाही.

एकाच प्रश्नाची दोन देशांत दोन उत्तरे यावीत, याचा अर्थ उघड आहे. 'उपरा' असण्यात गुन्ह्याचे बीज असते, तर उत्तर सर्वत्र एकच आले असते. ज्याला आल्याबरोबर काम मिळते, ज्याची मुले शाळेत जातात, ज्याला आपले येथे काही बरे होईल अशी आशा असते, तो कायद्याला स्थायिकापेक्षा अधिक जपतो. कारण गमावण्यासारखे त्याच्यापाशी पुष्कळ असते. ज्याला वर्षानुवर्षे वेशीबाहेर बसविले जाते, त्याच्याविषयी तशी खात्री देता येत नाही. शिवाय संशयितांची संख्या म्हणजे अपराध्यांची संख्या नव्हे. पोलिसांची नजर जेथे आधीच रोखलेली असते, तेथे नोंदी अधिक होणारच.

आपल्याकडे याची साक्ष लातूर जिल्ह्यातील धनेगावच्या लक्ष्मण गायकवाड यांनी दिली आहे. त्यांच्या 'उचल्या' या आत्मकथनाला १९८८ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. उचलेगिरीवर पोट भरणाऱ्या जमातीत ते जन्मले, आणि ही गोष्ट त्यांनी लपविली नाही. त्यांच्या कथनात चोरी आहे, तशीच भूक आहे आणि पोलिसांचा मारही आहे. काम मागावयास गेले तर जातीमुळे काम नाही, आणि काम नाही म्हणून पुन्हा तीच चोरी, असे हे रहाटगाडगे आहे. स्वतः गायकवाड लातूरच्या सूतगिरणीत कामगार झाले, चळवळीत पडले, लेखक झाले. रहाटगाडगे थांबविता येते, याचा याहून चांगला पुरावा कोणता?

आता या सार्वत्रिक संशयाची किंमत कोण देतो, ते पाहू. २००३ मध्ये एका शेतकरी कुटुंबावर दरोडा पडून पाच माणसे मारली गेली. गुन्हा अत्यंत क्रूर होता. पोलिसांनी भटक्या जमातीतील सहा जणांना पकडले. नाशिकच्या सत्र न्यायालयाने त्यांना दोषी ठरविले आणि २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या सहाही जणांस फाशीची शिक्षा दिली. फेरविचारात हाच खटला पुन्हा ऐकला गेला, तेव्हा निराळेच दिसून आले. त्या रात्रीच्या हल्ल्यातून वाचलेल्या साक्षीदार स्त्रीने पोलिसांनी दाखविलेल्या छायाचित्रांतून दुसऱ्याच चार माणसांना ओळखले होते. त्या चौघांचा तपासच झाला नव्हता. ५ मार्च २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांची निर्दोष सुटका केली आणि प्रत्येकास पाच लक्ष रुपये भरपाई देण्याची आज्ञा केली. तोवर त्यांच्या आयुष्यातील सुमारे सोळा वर्षे तुरुंगात गेली होती.

श्रोतेहो, या हकिगतीत त्या सहा जणांवर झालेला अन्याय आपल्याला चटकन दिसतो. दुसरा अन्याय तितका दिसत नाही. तो त्या मारल्या गेलेल्या कुटुंबावर झाला. सोयीचा संशयित हाती लागला की तपास तेथेच थांबतो, आणि खरा अपराधी सुरक्षित राहतो. जमातीवर संशय घेतल्याने आपले संरक्षण होते, अशी ज्यांची समजूत असेल, त्यांनी या गोष्टीचा शांतपणे विचार करावा.

दुसरी हकिगत धुळे जिल्ह्यातील आहे. २०१८ च्या उन्हाळ्यात, मुले पळविणारी टोळी आली आहे, अशी अफवा व्हॉट्सॲपच्या संदेशांवाटे घरोघर पोहोचली होती. १ जुलै २०१८ रोजी साक्री तालुक्यातील राईनपाडा येथे बाजाराच्या दिवशी नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच भिक्षेकरी उतरले. त्यांतील बहुतेक मंगळवेढ्याकडचे होते. एका लहान मुलीशी बोलताना कोणी तरी त्यांना पाहिले, जमाव जमला, त्यांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडले आणि तेथेच ठेचून मारले. त्यांनी कोणाचेही मूल पळविले नव्हते. भिक्षेसाठी फिरणे हाच त्यांचा पिढीजात व्यवसाय होता. २०२४ मध्ये धुळ्याच्या न्यायालयाने सात आरोपींना जन्मठेपेची शिक्षा दिली. पुढे १६ एप्रिल २०२० च्या रात्री पालघर जिल्ह्यातील गडचिंचले येथे अशाच अफवेवरून दोन साधू आणि त्यांचा गाडीवान यांचा बळी गेला. या दोन्ही ठिकाणी परक्यांचे आगमन आणि गुन्हा यांचा संबंध होता, हे खरेच. फक्त गुन्हा गावातल्या जमावाने केला आणि मेले ते परके.

कोणी म्हणेल, हे अडाणी खेड्यांतले प्रकार झाले. सुशिक्षित घरांचा याच्याशी काय संबंध? अफवा पुढे धाडणारी बोटे पुष्कळदा सुशिक्षितांचीच असतात, हे एक. दुसरे असे की, शहरांतील आपली सोय उपऱ्यांच्याच कष्टांवर उभी आहे. दसरा-दिवाळी झाली की बीडपासून नांदेडपर्यंतच्या बालाघाटाच्या पट्ट्यातून ऊसतोडीला निघालेल्या गाड्या आपण पाहतो. ती कुटुंबे सुमारे पाच-सहा महिने कारखान्याच्या आसपास खोपटात राहतात. पुण्या-मुंबईच्या, हैदराबादच्या बांधकामांवर याच भागातील माणसे राबतात. लोह्याच्या वेशीवर आलेला वैदू जसा लोह्याला परका, तसाच लोह्याचा मजूर कोल्हापूर-सांगलीला परका. तेथे एखाद्या शेतातली मोटार चोरीस गेली आणि पहिला संशय आपल्या माणसाच्या खोपटावर आला, तर आपल्याला काय वाटेल, तेच दुसऱ्याविषयी वाटू द्यावे. यापलीकडे या बाबतीत नीतीचा निराळा धडा नाही.

उपाय अवघड नाहीत. पहिला उपाय कागदाचा. केंद्र सरकारने नेमलेल्या बाळकृष्ण रेणके आयोगाने २००८ च्या अहवालात भटक्या-विमुक्तांची दैना मांडली. राहत्या घराचा पत्ता नाही म्हणून शिधापत्रिका नाही, दाखला नाही, ही त्या दैनेची मुळाक्षरे आहेत. ज्याच्याजवळ कागद आहे, त्याला आपली ओळख सांगता येते. ग्रामपंचायतीने असा दाखला आडकाठी न घेता मिळवून दिला, तर गावाच्या सुरक्षिततेसाठी रात्रीच्या दहा गस्तींनी होणार नाही एवढे काम त्याने होईल. दुसरा उपाय शाळेचा. पालावरचे किंवा ऊसतोडीच्या खोपटातले मूल तात्पुरते का होईना शाळेत बसले, की त्याचे आईबाप त्या गावी अनोळखी राहत नाहीत. तिसरा उपाय आपल्या हातचा आहे. घरी कामास येणाऱ्या बाईची किंवा भाडेकऱ्याची चौकशी करावयाची असेल तर अवश्य करावी. पण ती सर्वांची सारखी करावी, जात आणि बोली पाहून करू नये. चोरी झाली तर पोलिसांत वर्दी द्यावी, काय पाहिले तेवढेच सांगावे, आणि काय वाटले ते सांगू नये. मुले पळविणाऱ्यांचा संदेश आला तर तो पुढे धाडण्यापूर्वी पोलीस ठाण्यात विचारावे.

पोलिसांसाठीही दिशा आता स्पष्ट आहे. ३ ऑक्टोबर २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांतील जातिभेद बंद करण्याचा आदेश दिला, आणि त्याबरोबरच विमुक्त जमातींच्या माणसांना मनमानीने अटक होऊ नये, अशी ताकीद पोलिसांना दिली. १८७१ मध्ये कायद्याने जे सुरू केले, ते थांबविण्यास कायद्याला इतकी वर्षे लागली. उरलेले काम मात्र न्यायालयाच्या आवाक्यातले नाही. पुढच्या मार्गशीर्षात माळेगावची यात्रा उठेल आणि पाले पुन्हा वाटेला लागतील. त्यांतले एखादे बिऱ्हाड आपल्या गावाच्या माळावर उतरले, तर जवळ जाऊन त्यांना नाव, गाव आणि मुलांची शाळा विचारावी. चोरीचा माग काढण्याची वेळ आली, तर तो चोरीच्या जागेपासून काढावा. पालापासून काढू नये.